आशा तुरीचे दोन पाठ

शेवगाव तालुक्यात खरिपाला कपाशी, बाजरी आणि तूर ही पिके ठरलेलीच. तूर बहुधा दुसऱ्या पिकाच्या सोबतीने येते. चार-सहा ओळींमागे तिची एखादी ओळ. या पिकाला दोन रोगांचे भय. मर रोगाची बुरशी जमिनीत वर्षानुवर्षे टिकते, मुळांतून शिरते आणि फुलोऱ्यावर आलेले झाड उभ्या-उभ्या वाळवते. वांझ रोग डोळ्यांना न दिसणाऱ्या कोळ्यांमार्फत पसरतो. झाड हिरवेगार आणि दाट राहते, पण त्याला फूल येत नाही, शेंग धरत नाही. या दोन्ही रोगांना दाद न देणारे एक वाण १९९३ साली प्रसारित झाले. संशोधकांच्या वहीत त्याचा क्रमांक आयसीपीएल ८७११९. शेतकऱ्यांसाठी त्याचे नाव 'आशा'.

या आशा वाणाचा जीनोम, म्हणजे त्याच्या पेशीतील समग्र आनुवंशिक मजकूर, २०११ च्या अखेरीस दोनदा जाहीर झाला. एकदा नवी दिल्लीच्या राष्ट्रीय वनस्पती जैवतंत्रज्ञान संशोधन केंद्रातील नागेंद्रकुमार सिंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांकडून, आणि दुसऱ्यांदा हैदराबादजवळच्या पाटनचेरू येथील इक्रिसॅटचे राजीव वार्ष्णेय आणि त्यांच्या आंतरराष्ट्रीय गटाकडून. पहिले कोण, हा प्रश्न मला इथे महत्त्वाचा वाटत नाही. महत्त्वाचे हे की वाण एकच असताना उत्तरे दोन आली. दिल्लीच्या मसुद्यात ५१.१ कोटी अक्षरे आणि ४७,००४ जनुके. पाटनचेरूच्या मसुद्यात ६०.५८ कोटी अक्षरे आणि ४८,६८० जनुके. फरक साडेनऊ कोटी अक्षरांच्या घरात जातो. शिवाय पाटनचेरूच्या गटाच्याच अंदाजानुसार तुरीचा पूर्ण जीनोम ८३.३ कोटी अक्षरांचा, म्हणजे दोन्ही मसुदे अपुरेच होते.

यात कोणी लबाडी केलेली नाही आणि निष्काळजीपणाही नाही. दोन्ही कामे त्या काळाच्या मानाने उत्तम होती. मग इतका फरक पडतो कसा? याचे उत्तर शोधताना आपण जीनोमच्या सॉफ्टवेअरपाशी येतो, आणि तिथून अधिक अवघड प्रश्नापाशी: हे सॉफ्टवेअर बरोबर चालते, हे ठरवायचे कसे? विशेषतः ते नवे असताना, कोणी वापरले नसताना, आणि खरे उत्तर कोणालाच ठाऊक नसताना?

डीएनएचा मजकूर ए, सी, जी, टी अशा चारच अक्षरांत लिहिलेला असतो. मात्र कोणतेही यंत्र तो पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत सलग वाचत नाही. डीएनएच्या असंख्य प्रतींचे तुकडे होतात आणि यंत्र ते तुकडे वाचते. दिल्लीच्या गटाने वापरलेल्या यंत्रावर एक तुकडा सरासरी साडेपाचशेहून अधिक अक्षरांचा असे. पाटनचेरूच्या यंत्रावर शंभरच्या आसपास, पण तुकड्यांची संख्या अफाट. तिथे जमलेली एकूण अक्षरे २३,७२० कोटी होती. एकमेकांवर थोडे-थोडे चढणारे तुकडे हेरून सलग मजकूर लावण्याचे काम सॉफ्टवेअरचे. या कामाला आपण जुळणी म्हणू.

शेवगावच्या शेजारचा तालुका नेवासा. ज्ञानेश्वरी तिथे सांगितली गेली, शके १२१२ मध्ये. शेवगावच्या ईशान्येला गोदावरी ओलांडली की पैठण. तिथल्या एकनाथांनी जवळजवळ तीन शतकांनी, शके १५०६ मध्ये, त्या ग्रंथाच्या प्रचलित प्रतींतील अपपाठ काढून शुद्ध प्रत सिद्ध केली. मूळ प्रत समोर नसताना अनेक सदोष प्रतींवरून मूळ मजकुराकडे जायचे, हा व्यवहार मराठी वाचकाला असा जुनाच ओळखीचा आहे. पुण्याच्या भांडारकर संस्थेने महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीसाठी हेच काम कित्येक दशके केले. जीनोमची जुळणीही जातकुळीने पाठचिकित्साच आहे. पण एक फरक मोठा आहे. एकनाथांना मराठी येत होते. ओवी अर्थाने किंवा लयीने विसंगत झाली तर त्यांना ते खटकणारच. सॉफ्टवेअरला तुरीची भाषा येत नाही. नवव्या अध्यायाच्या अर्ध्या ओवीला तेराव्या अध्यायाची अर्धी ओवी चिकटली, तरी शेवटची चार अक्षरे जुळली म्हणून ते समाधानी असते. ते अडखळत नाही, शंका विचारत नाही. काही ना काही उत्तर देतेच, आणि चुकीचे उत्तर बरोबर उत्तराइतक्याच नीटनेटक्या फाईलमध्ये देते.

म्हणून अशा साधनाची चाचणी लवकर व्हावी लागते. त्याचा जन्म साधारणपणे असा होतो: एखाद्या प्रयोगशाळेतला संशोधक स्वतःच्या अडचणीपुरता प्रोग्रॅम लिहितो, तो चालतो, शेजारचा मागून नेतो, मग त्याला 'आवृत्ती ०.१' असे नाव पडते. गवंडी ओळंबा भिंत उभी राहताना लावतो, गिलावा झाल्यावर नाही. इथेही पुढे त्या साधनावर दहा शोधनिबंध उभे राहिले की चूक सापडली तरी दुरुस्ती कोणाला नको असते.

सुरुवातीच्या चाचण्या पोरकट वाटाव्यात इतक्या साध्या असतात. डीएनएचे दोन धागे उलट दिशेने धावतात, एकावर ए तर समोर टी, एकावर सी तर समोर जी. म्हणजे कोणताही मजकूर उलटा करून अक्षरे पालटली आणि तीच क्रिया पुन्हा केली, तर मूळ मजकूर परत मिळालाच पाहिजे. वाटेल त्या हजार ओळी देऊन हे तपासता येते. रिकामी ओळ दिली तर काय होते? यंत्राला न कळलेल्या अक्षराच्या जागी 'एन' असते, ते आल्यावर काय होते? बरीच नवी साधने इथेच गडबडतात.

मोजणीचा घोळ तर इमारतीतल्या मजल्यांसारखा. तळमजला शून्य धरायचा की एक? जीनोमच्या फाईलींचे काही प्रकार पहिल्या अक्षराला शून्य म्हणतात, काही एक. साधनाने दोहोंची गल्लत केली की प्रत्येक पत्ता एका घराने सरकतो. आणि जनुकात तीन-तीन अक्षरांचा एक शब्द असतो. 'कमळ नयन सरल' हा मजकूर एका अक्षराने सरकवून वाचला तर 'मळन यनस रल' उरते. म्हणजे एक शब्द चुकला असे होत नाही, तिथून पुढचे सगळेच निरर्थक होते.

हाच धोका यंत्राच्या चुकीतूनही येतो. दिल्लीच्या गटाकडील पद्धतीच्या यंत्राला एकच अक्षर ओळीने अनेकदा आले की मोजदाद अवघड जाई: सहा 'ए' की सात? एक अक्षर गळले की जनुक मध्येच मोडल्यासारखे दिसते. पाटनचेरूच्या यंत्राच्या चुका वेगळ्या जातीच्या, तिथे एका अक्षराच्या जागी दुसरेच वाचले जाण्याचा संभव अधिक. म्हणून एका यंत्राच्या तुकड्यांवर पारखून घेतलेले साधन दुसऱ्या यंत्राच्या तुकड्यांवरही चालेल, असे गृहीत धरता येत नाही.

चुका नेहमी इतक्या शास्त्रीयही नसतात. माणसातील काही जनुकांची इंग्रजी संक्षिप्त नावे 'सेप्ट २', 'मार्च १' अशी होती. एक्सेलच्या तक्त्यात ती टाकली की एक्सेल मुकाट्याने त्यांची तारीख करी: २ सप्टेंबर, १ मार्च. जनुकांच्या याद्या एक्सेलमध्ये जोडलेले शोधनिबंध २०१६ साली तपासले गेले, तेव्हा सुमारे पाचातल्या एका निबंधात अशा तारखा निघाल्या. शेवटी २०२० मध्ये नामकरण समितीने त्या जनुकांचीच नावे बदलली. सॉफ्टवेअर बदलण्यापेक्षा मानवी जनुकांचे बारसे पुन्हा करणे सोपे ठरले!

यापुढची पायरी बनावट परीक्षेची. ठाऊक असलेला जीनोम घ्यायचा, संगणकातच त्याचे तुकडे करायचे, त्यांत ठरावीक चुका पेरायच्या आणि साधनाला म्हणायचे, आता जोड. खरे उत्तर आपल्या हातात असल्याने गुण देणे सोपे. पण प्रश्नपत्रिका काढणारा आणि उत्तर लिहिणारा एकच असेल, तर निकालाचे मोल किती? लेखकाला ज्या चुका सुचल्या, तेवढ्याच त्याने पेरलेल्या असतात. खरे यंत्र त्याला न सुचलेल्या चुका करते.

म्हणून मग खऱ्या, पण लहान आणि पूर्ण वाचलेल्या जीनोमकडे वळतात. जिवाणूंवर जगणारा फाय-एक्स १७४ हा विषाणू त्यासाठी प्रसिद्ध आहे. फ्रेडरिक सँगर यांच्या गटाने त्याचा मजकूर १९७७ मध्ये छापला तेव्हा अक्षरे सुमारे ५,३७५ होती. पुढच्याच वर्षी दुरुस्ती होऊन ती ५,३८६ झाली. ज्याला आपण खरे उत्तर म्हणतो, त्यालाही शुद्धिपत्र लागते. आज अनेक प्रयोगशाळांत हा विषाणू तपासणीचा नमुना म्हणून खऱ्या नमुन्यासोबत यंत्रात घातला जातो.

माणसाच्या बाबतीत याहून चांगली सोय झाली आहे. अमेरिकेच्या एनआयएसटी या मोजमापाच्या प्रमाणसंस्थेने एका व्यक्तीचा डीएनए अनेक यंत्रांवर, अनेक पद्धतींनी वाचून घेतला, जिथे सगळ्यांचे एकमत झाले ते भाग निश्चित केले आणि २०१५ मध्ये तो डीएनए प्रमाण-नमुना म्हणून उपलब्ध केला. वजनाच्या दुकानात शिक्का मारलेले माप असावे तसा. याची गरज किती होती, ते २०१३ च्या एका अभ्यासातून दिसते. पंधरा व्यक्तींच्या जनुकांचे तेच तुकडे पाच वेगवेगळ्या सॉफ्टवेअर-साखळ्यांतून काढले. एका अक्षराच्या फरकांबाबत पाचही साखळ्यांचे एकमत ५७.४ टक्के ठिकाणी झाले. अक्षरे गळण्याच्या किंवा घुसण्याच्या बाबतीत तीन साखळ्यांची तुलना झाली, तिथे एकमत अवघ्या २६.८ टक्के ठिकाणी. या साखळ्या तर तज्ज्ञांच्या रोजच्या वापरातल्या होत्या.

आता पुन्हा तुरीकडे. आशा वाणाचे काम झाले तेव्हा तुरीसाठी असे शिक्का मारलेले माप नव्हते. आणि माणसावर किंवा जिवाणूवर पारखलेले साधन तुरीवर तसेच वागेल, याची खात्री नसते. जिवाणूचा मजकूर आटोपशीर असतो, पुनरुक्ती फार थोडी. तुरीच्या जीनोमचा मात्र सुमारे निम्मा भाग पुन्हा-पुन्हा येणाऱ्या मजकुराचा आहे. जात्यावरच्या ओव्यांसारखे समजा: पालुपद शंभर ओव्यांत तेच. पोथी फाटून पालुपदाचे शंभर तुकडे हाती आले, तर ते एकाच ओवीचे की शंभर ओव्यांचे? लांब तुकड्यात पालुपदाच्या अलीकडची-पलीकडची अक्षरेही येतात, म्हणून थोडा तरी थांग लागतो. आखूड तुकड्यात तो लागत नाही. सॉफ्टवेअर अशा वेळी शंभर प्रती एकावर एक रचून एकच प्रत लिहिते. याला घडी पडणे म्हणू. दोन्ही मसुद्यांत हरवलेल्या कोट्यवधी अक्षरांचा मोठा भाग अशा घड्यांत दडपला गेला असणार. कोणत्या मसुद्यात कुठे घडी पडली, हे वापरलेले यंत्र, तुकड्याची लांबी आणि जुळणीची पद्धत यांवर ठरते.

घडीचे नुकसान अक्षरे कमी भरण्यापुरते नाही. समजा, तुरीत एकाच जनुकाच्या दोन प्रती आहेत, जवळजवळ सारख्या. एकीत अमुक ठिकाणी ए, दुसरीत जी. जुळणीत दोहोंची घडी पडून एकच जनुक लिहिले गेले. पुढे दुसरा संशोधक शंभर वाणांचे तुकडे या मसुद्यावर ठेवून पाहतो, तेव्हा त्या जागी प्रत्येक वाणात निम्मे ए, निम्मे जी दिसतात. फरक शोधणारे साधन सांगते: हे झाड संकरित आहे, याला एका पालकाकडून ए आला आणि दुसऱ्याकडून जी. प्रत्यक्षात तिथे फरक नाहीच. सगळ्या झाडांत दोन्ही प्रती आहेत. गहू किंवा भातासारख्या स्वपरागित पिकात संशोधक म्हणेल, इतके संकरित झाड कसे असेल? आणि त्याला शंका येईल. तुरीत तीही सोय नाही. मधमाश्या एका झाडाचे पराग दुसऱ्यावर नेतात, शेजारच्या रानातले वाण मिसळते. तुरीचे बियाणे दोन-चार वर्षांत 'भेसळ' होते, हे शेतकरी जाणतो. त्यामुळे खोटा संकर इथे खऱ्या संकरासारखा पचून जातो. साधनाची चाचणी गव्हावर झाली असेल, तर ही चूक त्या चाचणीत कधीच दिसणार नाही.

आणि ही चूक शेतापर्यंत पोचते. मर रोगाला तोंड देणारे जनुक ज्या भागात असावे, त्याच्या जवळचा एखादा अक्षरफरक खूण म्हणून धरतात आणि संकरातल्या हजारो रोपांतून कोणती राखायची ते त्या खुणेवरून ठरवतात. खूण खोटी असेल, तर राखलेली रोपे भलतीच. आपल्याकडची बहुतेक तूर दिवस लहान होऊ लागल्यावरच फुलते, म्हणून नेहमीच्या पद्धतीत वर्षाला एकच पिढी हाती येते. फसलेल्या खुणेची किंमत पैशांत मांडण्यापेक्षा खरिपांत मांडावी. शेवगावच्याच जिल्ह्यात, राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठात, 'विपुला' आणि 'फुले राजेश्वरी' ही तुरीची वाणे तयार झाली. नव्या वाणामागे किती हंगाम जातात ते अशा ठिकाणी विचारावे.

खरे उत्तर नसताना मग गुण कशावर द्यायचे? एक सोयीचे माप अनेक वर्षे चालले: तुकडे जोडून किती लांब सलग मजकूर तयार झाला. सगळे तुकडे लांबीप्रमाणे लावायचे, मोठ्याकडून मोजत निम्मा मजकूर जिथे भरतो त्या तुकड्याची लांबी घ्यायची. त्याला एन-५० म्हणतात. आकडा मोठा तितकी जुळणी चांगली. या मापाबद्दल माझे मत फारसे चांगले नाही. बेधडक चुकीचे जोड मारणारे साधन इथे हमखास वरचा नंबर मिळवते, आणि शंका आली तिथे थांबणारे प्रामाणिक साधन मागे पडते. २०१३ मध्ये 'असेंब्लाथॉन' नावाच्या दुसऱ्या सार्वजनिक स्पर्धेचा निकाल लागला. एक पोपट, एक मासा आणि एक अजगरवर्गीय साप अशा तिघांचे तुकडे सर्वांना दिले होते. २१ गटांनी ४३ जुळण्या पाठवल्या. निरनिराळ्या मापांनी तपासल्यावर असे दिसले की सर्व मापांत सरस ठरणारे साधन एकही नाही, आणि एका प्राण्यावर चांगले चाललेले दुसऱ्यावर चालेलच असे नाही. त्या स्पर्धेचे मोल मला यात वाटते की परीक्षा साधनाच्या लेखकाने घेतली नव्हती. स्वतःच्या साधनाची परीक्षा स्वतः घेणाऱ्यांच्या निबंधांची २०११ मध्ये एका गटाने मोजदाद केली होती. बहुतेकांचे साधन सर्वांत उत्तम निघाले होते. सगळेच सरासरीच्या वर कसे, असा प्रश्न त्यांनी शीर्षकातच विचारला.

याहून विश्वासाचा मार्ग स्वतंत्र साक्षीदारांचा. पाटनचेरूच्या गटाकडे तुरीच्या संकरांवरून बनवलेला आनुवंशिक नकाशा होता. कोणती खूण कोणत्या गुणसूत्रावर, कोणत्या क्रमाने, हे तो तुकड्यांच्या मदतीशिवाय सांगतो. जुळणीतला क्रम नकाशाशी भांडत असेल, तर जोड संशयास्पद. दुसरा साक्षीदार म्हणजे बहुतेक वनस्पतींत एकेकच प्रत असणारी जनुके. ती सापडत नसतील तर मजकूर गळला आहे, दोन-दोनदा सापडत असतील तर साधनाने एकाच मजकुराच्या दोन प्रती केल्या आहेत. तिसरा साक्षीदार घडीचा माग काढतो. मूळ तुकडे तयार मसुद्यावर परत पसरायचे. सगळीकडे सारखा थर बसायला हवा. एखाद्या ठिकाणी दुप्पट ढीग झाला तर तिथे दोन प्रतींची घडी आहे. ही तपासणी स्वस्त आहे, एका दिवसात होते. नव्या साधनाच्या पहिल्या आठवड्यातच ती व्हावी.

आणि चौथा साक्षीदार तुरीला अनायासे मिळाला, तो म्हणजे दुसरा पाठ. एकच वाण, दोन प्रयोगशाळा, दोन यंत्रे, दोन प्रकारची जुळणी. अशी परीक्षा मुद्दाम ठरवून क्वचितच घेतली जाते, कारण तेच काम दोनदा करायला पैसे कोण देणार? २०११ मध्ये दोन मसुदे निघाले याचे काहींना वाईट वाटले असेल. मला ते सुदैव वाटते. दोन्ही पाठ जिथे जुळतात तिथे पाय टेकता येतो. जिथे जुळत नाहीत ती ठिकाणे म्हणजे नव्या साधनासाठी तयार प्रश्नपत्रिका. यातला एक धोका मात्र ध्यानात ठेवावा: दोन्ही पाठ एकाच प्रकारे चुकले असतील, तर त्यांच्या एकमताला अर्थ नाही. पाठचिकित्सकाला हे माहीत असते. एकाच सदोष प्रतीवरून उतरवलेल्या दहा पोथ्यांची साक्ष एकच धरायची असते.

तूर पैदासकारांची स्वतःची एक चाचणी आहे, ती जीनोमच्या सॉफ्टवेअरपेक्षा जुनी आहे. मर रोगाची बुरशी मुद्दाम वाढवून जोपासलेले शेत त्यासाठी राखतात. त्याला सिक प्लॉट म्हणतात. नवे वाण मर रोगाला टिकते की नाही, ते तिथे पेरून पाहायचे. पण नुसती नवी वाणे पेरत नाहीत. दर काही ओळींनंतर एक ओळ हमखास मरणाऱ्या वाणाची असते. आयसीपी २३७६ हे अशा कामाचे जुने, ओळखीचे वाण. नवे वाण जगले हे पाहण्याआधी ती ओळ मेली का हे पाहतात. ती जगली, तर बुरशीचा जोर पुरेसा नव्हता. मग शेजारचे नवे वाण कितीही हिरवे दिसो, त्या वर्षीचा निकाल धरत नाहीत.

सॉफ्टवेअरच्या चाचणीत याची बरोबरी करणारी गोष्ट करता येते. मसुद्यात मुद्दाम दोन प्रतींची एक घडी घालायची, एक जोड चुकीचा मारायचा, एक अक्षर गाळायचे आणि तपासणी करणाऱ्या साधनाला ते सापडते का ते बघायचे. अर्ध्या दिवसाचे काम आहे. नव्या साधनांच्या निबंधांत 'आमच्या तपासणीत चूक आढळली नाही' असे वाक्य असते. त्या तपासणीत मरणारी ओळ पेरली होती का, ते मात्र क्वचितच लिहिलेले असते.